रोल नंबर एकसष्ट

सुरुवातीलाच माफी मागते. कोणावर काही लिहावं एवढी माझी पोच नाही. आमच्या घरात लिहिणं म्हणजे रेशनच्या दुकानातली सही आणि वाचणं म्हणजे बियाण्याच्या पाकिटामागच्या सूचना. त्याही मीच मोठ्यानं वाचून दाखवायच्या. कॉलेजात गेलेली घरातली मी पहिली. त्यामुळे लिहिताना कुठं सुरू करायचं आणि कुठं थांबायचं, हे मला अजून नीट कळत नाही. पण आमच्या सरांबद्दल कोणीच काही लिहिलेलं नाही, आणि त्यांच्यापेक्षा कितीतरी साध्या माणसांचे फोटो कॉलेजच्या जिन्यात लावलेले आहेत. म्हणून हे धाडस करते. सरांचं नाव लिहीत नाही. खरं सांगायचं तर आम्ही कोणी ते नाव कधी घेतलंच नाही. तोंडावर ‘सर’ आणि पाठीमागे ‘साडेसाती’.

हे नाव वाईट हेतूनं पडलेलं नव्हतं. सर आम्हाला फिजिक्स शिकवायचे आणि धडा कोणताही असो, गाडी फिरून शनीवर यायची. घनता शिकवताना शनी, गुरुत्वाकर्षण शिकवताना शनी, साधा लंबक शिकवतानासुद्धा पाच मिनिटं शनी. खरं म्हणजे शनीशीही त्यांना फारसं देणंघेणं नव्हतं. त्यांचा जीव शनीच्या एका चंद्रात अडकला होता.

हा चंद्र म्हणजे एक ओबडधोबड दगड. सर सांगायचे, आमच्या गावाचं शिवार उचलून आभाळात टाकलं तर जेवढं दिसेल तेवढा. शनीचे मोठे चंद्र शहाण्यासारखे त्याच्या जवळून, तो फिरतो त्याच दिशेनं फिरतात. हा फार लांबून फिरायचा, तिरका फिरायचा आणि वर उलटा फिरायचा. त्याला नावसुद्धा नव्हतं, नुसती अक्षरं आणि आकडे. मोठ्या दुर्बिणीतून तो थोड्याच रात्री दिसला होता. तेवढ्यावरून त्याची वाट नीट मांडता आली नाही. पुढे शोधायला गेले तर जिथं असायला हवा तिथं तो नव्हता. तेव्हापासून कागदोपत्री हरवलेला.

लोकांना वाटायचं, सर रात्र रात्र गच्चीवर दुर्बीण लावून बसत असतील. सर नऊला झोपायचे. कोणी विचारलं तर म्हणायचे, “जगातल्या मोठ्या दुर्बिणींना जो सापडत नाही, तो मला असोद्याच्या गच्चीवरून दिसणार आहे का? उगाच डास चावून घ्यायचे.”

सर असोद्याचे. तिथून जळगाव आणि जळगावहून गाडीनं अमळनेरला आमच्या कॉलेजात, असं रोज येणंजाणं. ते तासिका तत्त्वावर होते. शिपायापासून प्राचार्यांपर्यंत सगळे कायम, सर तेवढे तासाचे. स्टाफच्या फोटोत ते नसायचे, कारण फोटो नेमका त्यांचा तास नसेल तेव्हा निघायचा. त्याचं त्यांना काही वाटत नसे. गाडीत ते कायम पाठमोरे बसत, म्हणजे गाडी पुढे आणि यांचं तोंड मागे. मी एकदा कारण विचारलं तर म्हणाले, “उलटं बसलं की सुटलेलं गाव जास्त वेळ दिसतं.” मैदानावर सगळे ज्या बाजूनं फेऱ्या मारतात त्याच्या विरुद्ध बाजूनं सर चालत. सकाळी फिरायला येणारे रिटायर लोक वैतागायचे. सर मात्र प्रत्येक फेरीत प्रत्येकाला समोरून नमस्कार करायचे. त्यांचं म्हणणं, एका दिशेनं चालणाऱ्यांना एकमेकांच्या पाठीच दिसतात.

आता वांग्याचं सांगते. शनीचा धडा असला की सर पिशवीतून भरताचं हिरवं वांगं आणायचे. वांगं कसंही चालत नसे. अमळनेरच्या बाजारात एका अक्काच्या पाटीपुढे ते उकिडवे बसत आणि खिशातलं कर्कटक काढून वांगी मोजत. वांगं गोल हवं, पण वरखाली जरा चपटं हवं, कारण शनी तसा आहे. अक्का दर वेळी चिडायची.

“मास्तर, भरीत करनं शे का सोयरीक?”

सर मान वर न करता म्हणायचे, “अक्का, शनी करायचाय.”

‘शनी’ ऐकल्यावर एकदा तिनं हातातलं तागडं खाली ठेवलं. तिच्या आंडोरचं, म्हणजे मुलाचं, लग्न जमत नव्हतं आणि कोणी तरी तिला साडेसाती सांगितली होती. काही उपाय असला तर सांगा, म्हणून ती हात जोडून मागे लागली. मी शेजारीच उभी होते. मला वाटलं, आता सर अंधश्रद्धेवर भाषण देणार. सर तिच्याच बोलीत म्हणाले, “अक्का, शनीना मांगे शंभरवर चंद्र शेतस. त्यातला एक तर हारपेल शे. ज्याले सोताना चंद्र सांभाळता नही येतस, तो तुना आंडोरकडे कव्हय पाही?”

अक्कानं थोडा विचार केला. मग म्हणाली, “हाई बी खरं शे,” आणि त्या दिवशी वांगं वजन न करता दिलं.

वर्गात सर ते वांगं पाण्याच्या बादलीत सोडायचे. वांगं तरंगायचं. “शनीही असाच तरंगेल, तेवढी बादली मिळाली तर.” मग वांगं टेबलावर ठेवून कोणाला तरी बाहेर चालायला सांगत. वांग्याएवढा शनी धरला तर तो हरवलेला चंद्र तीस पावलांवर येतो. म्हणजे दारातून बाहेर, व्हरांडा ओलांडून, कडुलिंबाच्या बुंध्यापाशी. आणि केवढा? पिठाच्या एका कणाहून लहान. पहिल्या वर्षी ही तीस पावलं चालायला सरांनी मला उठवलं. मी लिंबापाशी जाऊन उभी राहिले. आतून सरांचा आवाज आला, “तिथून एक फेरी मारायला त्याला जवळजवळ तीन वर्षं लागतात. म्हणजे एक बी.एस्सी.!”

तास संपला की प्रयोगशाळेमागे कपाशीच्या वाळक्या काड्यांवर शनी भाजला जायचा. शनीचं भरीत आणि सरांच्या डब्यातली ज्वारी-उडदाच्या पिठाची, कळण्याची भाकरी. ज्यांनी खाल्लं नाही त्यांचं फिजिक्स कच्चं राहिलं, असं आम्ही अजून म्हणतो.

त्याच तासाला माझं हसं झालं होतं. सरांनी विचारलं, “अनियमित चंद्र म्हणजे कोणता?” मला उत्तर येत नव्हतं. पण हा शब्द मी पाहिलेला होता. जिल्हा परिषदेच्या शाळेत माझ्या प्रगतिपुस्तकावर दर वर्षी लाल शाईत असायचा, ‘उपस्थिती अनियमित’. मी उभी राहून म्हणाले, “जो रोज येत नाही तो.”

वर्ग खो खो हसला. मला जमिनीत जावंसं वाटलं. सर हसले नाहीत. हातातला खडू खाली ठेवून म्हणाले, “थांबा रे. पुस्तकात ‘लांबून, तिरका फिरणारा’ असं आहे, पण हेही उत्तर फार लांबचं नाही.” मग त्यांनी टेबलावरचा त्यांचा कच्चा कॅटलॉग उघडला. कॅटलॉग म्हणजे हजेरीची वही. ऑफिसात द्यायचा पक्का कॅटलॉग वेगळा आणि सरांचा स्वतःचा कच्चा वेगळा. वर्गात आम्ही साठ जण होतो. साठाव्या नावाखाली एक ओळ रिकामी होती. सरांनी तिथं लिहिलं, ‘६१. चंद्र (शनी)’.

त्या दिवसापासून रोज हजेरी साठवर थांबायची नाही. सर “एकसष्ट” म्हणायचे, दोन क्षण वाट बघायचे आणि पेन्सिलीनं एक ठिपका द्यायचे. कोणी गमतीनं मागून “हजर सर” म्हटलं तर सरांना राग यायचा. इतर कशाचाच त्यांना राग यायचा नाही, पण प्रॉक्सी चालायची नाही.

या ठिपक्याबद्दल सांगायलाच हवं. गैरहजर मुलापुढे इतर सर ‘ए’ लिहीत. आमचे सर फक्त ठिपका देत, तोही पेन्सिलीनं. म्हणायचे, “पोरगं धापा टाकत उशिरा आलं तर ठिपक्याचा ‘पी’ करता येतो. ‘ए’ खोडावा लागतो, आणि खोडलेलं दिसतं.”

माझ्या नावापुढे ठिपके पुष्कळ होते. आमची स्वतःची जमीन नाही. कपाशी फुटली की आई ज्यांच्या शेतात वेचणीला जाते तिथं मीही जाते. ते काही दिवस कॉलेज बंद. हे मी कोणाला सांगितलं नव्हतं. लाज वाटायची म्हणून नव्हे, कोणी विचारलंच नव्हतं. दोन वेचण्या झाल्यावर एक दिवस सरांनी मला व्हरांड्यात थांबवलं आणि घडी घातलेला कागद दिला. त्यावर लिहिलं होतं, ‘येत्या गुरुवारपासून नऊ दिवस तू दिसणार नाहीस.’ खाली त्या नऊ दिवसांत शिकवायचं सगळं बारीक अक्षरात काढून दिलेलं.

मी घाबरले. म्हटलं, “सर, तुम्ही ज्योतिष बघता?”

“ठिपके बघतो,” सर म्हणाले. “एवढे दिवस हजर, मग नऊ ठिपके. पुन्हा तेवढेच दिवस हजर, पुन्हा नऊ. याला ज्योतिष कशाला लागतं? तुझी कक्षा आहे ती.”

पाऊस शिंतडल्यामुळे त्या खेपेला वेचणी एक दिवस पुढे गेली. परत आले तेव्हा सर खूश होते. “एका दिवसाची चूक. सुधारून घेऊ.”

आणि मग ती नोटीस लागली.

झालं असं की परीक्षेआधी ऑफिसनं सगळ्यांचे कॅटलॉग मागवले. शिपाई सरांच्या खणातून पक्क्याऐवजी कच्चा कॅटलॉग घेऊन गेला. तिथल्या भाऊंनी, म्हणजे आमच्या हेडक्लार्कनी, ठिपके मोजले आणि यादी टाईप केली. दुसऱ्या दिवशी बोर्डावर कागद होता, ‘खालील अनियमित विद्यार्थ्यांना परीक्षेस बसता येणार नाही. पालकांसह प्राचार्यांना भेटावे.’ पाच नावं होती. तिसरं माझं. पाचवं होतं, ‘६१. चंद्र शनी. उपस्थिती शून्य.’

बोर्डापुढे ही गर्दी! मुलं हसून हसून एकमेकांच्या अंगावर पडत होती. दुपारपर्यंत नोटिशीचा फोटो सगळ्या ग्रुपवर फिरला. कोणी खाली लिहिलं, ‘याला खरी साडेसाती लागली.’ कोणी विचारलं, ‘पालक येणार का?’ त्याला उत्तर, ‘पालकांना कडी आहेत, दारातून मावणार नाहीत.’

मला हसू येत नव्हतं. घरी एक गोष्ट ठरलेली होती. नापास झाले तर चालेल, पुन्हा बसू. पण परीक्षेलाच बसू दिलं नाही, तर पुढच्या वर्षी कॉलेजात नाव घालायचं नाही. वडील म्हणाले होते, “जठे बसूच देतस नही, तठे जाईसन काय करनं?” त्यांचंही बरोबर होतं. त्या एका कागदावर माझं सगळं पुढचं टांगलेलं होतं आणि त्याच कागदावर लोक हसत होते.

दुसऱ्या दिवशी मी आईला घेऊन गेले. आई प्राचार्य मॅडमच्या केबिनमध्ये चप्पल बाहेर काढून आली आणि खुर्ची असून उभीच राहिली. भाऊ फाईल घेऊन उभे होते. मागून सर आले, कच्चा कॅटलॉग मागून घेतला आणि मॅडमच्या टेबलावर उघडला.

मॅडम चिडलेल्या होत्या. “सर, हा काय प्रकार आहे? एकसष्ट नंबर कोण?”

“चंद्र आहे मॅडम, शनीचा. हरवलेला.”

“तो वर्गात काय करतोय?”

“काहीच नाही. तो आलेलाच नाही.”

भाऊ घाईनं मध्ये पडले. “मॅडम, मला वाटलं आडनाव चंद्र आणि नाव शनी. हल्ली काय काय नावं ठेवतात लोक.”

“भाऊंची चूक नाही,” सर म्हणाले. “त्यांनी ठिपके मोजले, काम चोख केलं. पण मॅडम, सव्वाशे कोटी किलोमीटरच्याही पलीकडे असलेला दगड आपल्या यादीत आला आणि सहीसुद्धा झाली. म्हणजे या पाच नावांतल्या एकालाही आपण विचारलं नाही की बाबा, का येत नाहीस. विचारलं असतं तर निदान एकसष्टाव्या नावापाशी तरी आपल्याला शंका आली असती.”

सरांनी बोट माझ्या ओळीवर ठेवलं. “ही बघा पहिली वेचणी. ही दुसरी. ही तिसरी, एक दिवस उशिरा, पावसामुळे. मधल्या दिवसांत एक ठिपका दाखवा. तापातसुद्धा आलीय पोरगी. आपण हिला अनियमित म्हणतो. हिचा नियम माझ्या घड्याळापेक्षा पक्का आहे. आपल्याला माहीत नाही एवढंच.”

मॅडमनी आईकडे पाहिलं. “बाई, तुम्ही काही बोला.”

आईनं पदर सारखा केला. “काय बोलू, माय? कपाशी फुटनी का येचनी पडस. मी सांगं, ती थांबनी. चूक मनी शे, पोरनी नही. तिले बसू द्या.”

मग मॅडमनी आमच्या चौघांच्या नावापुढे लिहिलं, ‘राहिलेली प्रात्यक्षिकं पूर्ण करून घ्यावीत, परीक्षेस बसू द्यावे.’ पेन पाचव्या नावावर थांबलं.

“आणि याचं काय करायचं? इतके दिवस हरवलाय म्हणता, तर नाव कमी करून टाका.”

सर म्हणाले, “ते नाही करता येणार मॅडम. तो कमी पडलेला नाही. बघणारे कमी पडले.”

मॅडमच्या तोंडावर तेव्हा पहिल्यांदा हसू आलं. “बरं. आला तर त्यालाही बसू द्या.”

बाहेर आल्यावर आईनं मला विचारलं, “तो पाचवा पोरगा कोन व्हता? त्यानी माय नही उनी का?” मी तिला सांगायचा प्रयत्न केला. सगळं ऐकून ती म्हणाली, “सापडी. दूर गयेल पोरे उशिरा येतस, पन येतस.” हे वाक्य मी सरांना सांगितलं तेव्हा त्यांनी ते कॅटलॉगच्या मागच्या पानावर लिहून ठेवलं.

मी परीक्षेला बसले. पहिल्या वर्षी जेमतेम पास झाले, पुढे बरी झाले. तीन वर्षांत माझी एक फेरी पूर्ण झाली. निकालाच्या दिवशी सरांनी पेढ्याऐवजी भरीत मागितलं, तेही आईच्या हातचं.

त्यानंतर कॉलेजात फिजिक्सची मुलं कमी झाली, तासिका कमी झाल्या आणि सर असोद्याला घरीच राहिले. वाईट वाटायला नको, ते मजेत आहेत. केळीच्या बागेत उलटीकडून पाणी सुरू करतात म्हणून भावाशी रोज भांडण होतं, एवढंच. फोन त्यांचा बटणांचा. त्यामुळे जगातली बातमी त्यांच्यापर्यंत चालत जावी लागते.

मी आता जळगावला एम.एस्सी. करते. परवा वाचनालयात बसले असताना फोनवर शनीच्या चंद्रांची यादी वाचत होते आणि एका ओळीवर थांबले. तीच अक्षरं, तेच आकडे. पुढे ‘हरवलेला’ असं नव्हतं. तीन वेळा वाचलं. मग पुस्तक तसंच टाकून असोद्याची बस धरली. बस भरलेली होती. ड्रायव्हरच्या शेजारी, पाठमोरी बसायची तेवढी एक जागा मिळाली.

सर ओसरीवर वाटाणे सोलत होते. मी चप्पल काढायच्या आतच म्हणाले, “आज सोमवार. तुला सुट्टी नाही. काय झालं?”

“सर, एकसष्ट सापडला.”

त्यांच्या हातातली शेंग तशीच राहिली. मी फोन पुढे केला. त्यांनी चष्मा पुसला, पुन्हा पुसला आणि ती ओळ बोट ठेवून वाचली, माझे वडील एसटीची पाटी वाचतात तशी. मी जमेल तसं सांगत होते. नव्यानं काढलेल्या फोटोंमध्ये एक ठिपका मिळाला, मग त्यावरून मागे मागे जाऊन जुने फोटो तपासले. जुन्या फोटोंमध्येही तो होता. कोणाला ओळखता आला नव्हता.

सरांनी घरात वळून मोठ्यानं हाक मारली, “अवं, आयकलं का? सापडला!”

आतून काकूंचा आवाज आला, “कुठी व्हता चष्मा?”

“चष्मा नाई वं, चंद्र!” सर म्हणाले. “जागेवरच व्हता. आपुनच भलतीकडे पाहत व्हतो.”

मग ते उठले आणि फळीवरून जुना कॅटलॉग काढून आणला. कव्हर सुटलं होतं, दोरी बांधलेली होती. आमच्या वर्गाचं पान उघडलं. साठ नावं आणि खाली एक ओळ नुसती ठिपक्यांची, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. सरांनी खिशातली पेन्सिल काढली, तिच्याकडे पाहिलं आणि बाजूला ठेवली. माझ्याकडे पेन मागितलं.

“एकसष्ट,” सर म्हणाले आणि सवयीनं दोन क्षण थांबले.

मी काही बोलले नाही. प्रॉक्सी सरांना चालत नाही. ते पहिल्या ठिपक्यावर वाकले आणि शाईनं त्याचा ‘पी’ करू लागले.